वाइंडिंग

डॉक्टर म्हणाले, मोटर नर्व्ह.
मी म्हटलं, मोटर? मग माझ्याच दुकानात आणायची होती.
तेव्हा बोलता येत होतं अजून.
पाय मंगळवारीच गेले होते,
पाटनीपुऱ्याच्या चौकात, स्कूटरला किक मारताना.
किक बसली नाही. मी स्कूटरला शिव्या दिल्या.

गुडघ्यावर रबराची हातोडी. काही नाही.
पुन्हा. काही नाही.
शिकाऊ पोरगा होता, त्यानं विचारलं,
पंधरा दिवसांत पोट बिघडलं होतं, काका?
होतं ना भिया. उज्जैन रोडच्या भंडाऱ्यात जेवलो,
तीन दिवस धावलो, चौथ्या दिवशी विसरलो.
शरीर विसरलं नाही.

जंतूच्या अंगावर जी खूण
तीच म्हणे माझ्या तारांवर.
पहारेकरी निघाले चोर शोधत
आणि घरच्याच माणसाला धरून बडवलं.
वरचं वॉर्निश शाबूत आहे, पोरगा समजावत होता,
आतलं तांबंच पकडलंय.
हे मला काय समजावायचं.
एकतीस वर्षं जळक्या कॉइलचा वास घेऊन
घरी जेवायला बसतो मी.

शनिवारी हात.
रविवारी श्वास. मग घशात नळी,
आणि उशाशी एक मशीन, माझ्यापेक्षा नियमित.

कळत सगळं होतं.
हे कोणाला पटत नाही.
पाठीखाली चादरीची सुरकुती,
भुवईवर बसून निवांत जेवणारा डास,
डामोर सिस्टर कूस बदलायची
तेव्हा तिच्या घड्याळाचा गार पट्टा.
देवासहून मेहुणे आले, माझ्यादेखत म्हणाले,
यांना समजत असेल का?
आणि अंगठ्याला चिमटा काढून पाहिला.
लागलं.
फार लागलं.

पाच दिवस, रोज पाच बाटल्या.
हजारो लोकांच्या रक्तातून गाळलेलं काहीतरी
थेंब थेंब माझ्यात.
कुमुदनं दुकानामागची खोली गहाण टाकली, मला सांगितलं नाही.
मी छताकडे बघत हिशेब करायचो:
त्या हजारांत एखादा तरी असेल
पंखा दुरुस्त करून पैसे बुडवलेला.
फिटले म्हणायचे.

मग पोरीनं पुठ्ठ्यावर अक्षरं लिहून आणली.
ती बोट फिरवणार, मी पापणी मिटणार.
प.
वर टिंब.
पंडित? कुमुद म्हणाली, आणि तिचा चेहराच उतरला.
नाही, नाही, दोनदा मिटलं मी.
ख. काना.
पंखा! गरम होतंय? जोरात करू?
नाही.
ब ला उकार. श.
पंख्याची बुश गेलीय, बाई.
नऊ दिवस ऐकतोय, चौथ्या फेऱ्याला घासते.
कुमुदनं पदर तोंडात कोंबला,
हसली का रडली, मान वळवता आली नाही
म्हणून ते राहूनच गेलं बघायचं.

पुढचं हळू.
एक मिलिमीटर, म्हणाले, फार तर दिवसाला.
मणक्यापासून बोटापर्यंत मोजा तुम्हीच.
मोजलं. शकीलकडून टेप मागवून.

आता दुकानात बसतो, स्टुलाऐवजी खुर्चीवर.
जळकी मोटर आली की
जुनं तांबं उपसायचं, खाचा साफ करायच्या,
नवी तार, तोच गेज, तेवढेच फेरे.
शकील भरतो, मी मोजतो.
एक फेरा चुकला तरी मोटर फिरते,
पण तापते. मी त्याला थांबवतो.

दुपारी तो नमाजाला गेला
की रिळावरचं टोक बोटांत धरून पाहतो.
चिमटीत हाताला तार कळते:
बारीक, गार, केसाइतकी.
तारेला अजून हात कळत नाही.
सुटते.
खाली वाकून शोधत बसत नाही मी,
शकील आला की सापडेल.
समोर कोणीतरी मिक्सर घेऊन उभा आहे,
विचारतोय, उस्ताद, कधी होईल?